धोंड्या, धोंडिबा, धोंडोपंत

'लातूर पॅटर्न'चा राज्यभर गवगवा झाला, तेव्हापासून दर उन्हाळा सरताना हजारो विद्यार्थी शिकवणी वर्गांसाठी लातुरात उतरतात. नांदेडचेही आता तेच झाले आहे. बाप मुलाला घेऊन गल्लोगल्ली खोली शोधत फिरतो. घरमालक ओट्यावर येतो, दहावीचे मार्क विचारतो, कौतुक करतो आणि मग नाव विचारतो. मुलगा सांगतो, राहुल. एवढ्याने मालकाचे समाधान होत नाही. "पूर्ण नाव सांग की बाळा." मुलगा पूर्ण नाव सांगतो आणि पाच मिनिटांपूर्वी रिकामी असलेली खोली "कालच एकाला बोलून ठेवलेली" निघते. जातीचा उच्चार कोणीच केलेला नसतो. शिवी दिलेली नसते. उलट जाताना पाणी विचारलेले असते! अस्पृश्यतेच्या कारणावरून एखाद्या वस्तीत राहायला मज्जाव करणे हा नागरी हक्क संरक्षण कायदा, १९५५ च्या कलम ४ खाली गुन्हा आहे. परंतु "बोलून ठेवली आहे" या तीन शब्दांवर खटला उभा राहत नाही, हे वकिली करणाऱ्या माणसाला वेगळे सांगावे लागत नाही.

हा आपल्या मनाचा संशय आहे, आता कुठे राहिली जातपात, असे म्हणणारे शहाणे आपल्यातही निपजले आहेत. त्यांच्यासाठी एक दाखला देतो. डॉ. सुखदेव थोरात आणि पॉल अ‍ॅटवेल यांनी खाजगी कंपन्यांच्या जाहिरातींना सारख्याच शिक्षणाचे, सारख्याच अनुभवाचे अर्ज पाठवून पाहिले. अर्जांत फरक फक्त नावाचा होता. काही अर्जांवर उच्चवर्णीय हिंदू नाव, काहींवर दलित नाव, काहींवर मुस्लिम नाव. २००७ साली 'इकॉनॉमिक अँड पॉलिटिकल वीकली'त त्याचा निष्कर्ष छापून आला. उच्चवर्णीय नावाच्या तुलनेत दलित नावाला बोलावणे येण्याचे प्रमाण सुमारे दोन तृतीयांश, आणि मुस्लिम नावाला सुमारे एक तृतीयांश. उमेदवार कोणी पाहिला नव्हता. त्याची मुलाखत झाली नव्हती. फक्त नाव वाचले होते.

म्हणूनच आमच्या कोर्टाच्या आवारात हल्ली तरुण मुले येतात आणि विचारतात, "वकीलसाहेब, आडनाव बदलायचे आहे. कांबळे काढून गावाचे नाव लावायचे आहे. काय काय लागते?" काय काय लागते ते पुढे सांगतोच. परंतु या मुलांच्या मनात एक गैरसमज घट्ट बसलेला दिसतो, की खोट त्या शब्दातच आहे. कांबळे या शब्दातच काहीतरी हलके आहे, कुलकर्णी या शब्दातच काहीतरी भारी आहे! तेव्हा आधी शब्दांचीच उलटतपासणी घेऊ.

कांबळे म्हणजे घोंगडीसारखे जाडेभरडे लोकरीचे वस्त्र. यात लाजण्यासारखे काय आहे? वाघमारे म्हणजे वाघ मारणारा. सूर्यवंशी म्हणजे काय, हे तर सांगायलाच नको. कुलकर्णी म्हणजे गावचा हिशेब लिहिणारा कारकून, देशपांडे म्हणजे परगण्याचा हिशेब लिहिणारा. दोन्ही हुद्दे आहेत, पगाराच्या नाही तरी वतनाच्या नोकऱ्या आहेत. येसकर आणि तराळ हेही हुद्देच होते. वेशीची राखण करणे, सरकारी सांगावा पोहोचवणे, सारा वसुलीला हाक घालणे, ही कामे गावगाड्यात कारकुनीपेक्षा कमी गरजेची नव्हती. मग एका हुद्द्याचे आडनाव झाले आणि मिरवले गेले, दुसऱ्या हुद्द्याची जात झाली! महाराष्ट्राच्या अनुसूचित जातींच्या यादीत 'महार, मेहरा, तराळ, धेगू मेगू' अशी नोंद आहे. कुलकर्णी कोणत्या यादीत सापडतो काय?

आता ज्यांनी दीडशे वर्षे आपल्यावर राज्य केले त्या इंग्रजांच्या नावांकडे पाहा. इंग्रजी नाव म्हटले की आपल्याला काहीतरी रुबाबदार वाटते. अर्थ काढला की रुबाब उतरतो. स्मिथ म्हणजे लोहार. टेलर म्हणजे शिंपी. पॉटर म्हणजे कुंभार. मार्गारेट थॅचर १९७९ ते १९९० इंग्लंडच्या पंतप्रधान होत्या. थॅचर म्हणजे घरावरचे गवताचे छप्पर शाकारणारा. त्यांच्या आधी १९०५ ते १९०८ या काळात तिथे कॅम्बेल-बॅनरमन नावाचे पंतप्रधान होऊन गेले. कॅम्बेल हे स्कॉटलंडच्या गेलिक भाषेतले नाव, अर्थ वाकड्या तोंडाचा! कांबळे आणि कॅम्बेल शेजारी शेजारी ठेवून बघा आणि अर्थ कोणाचा बरा ते तुम्हीच ठरवा. १९३० साली लंडनच्या ज्या गोलमेज परिषदेत बाबासाहेबांनी अस्पृश्यांची बाजू मांडली, तिचे उद्घाटन बादशहा पाचव्या जॉर्जने केले. जॉर्ज हे मूळचे ग्रीक नाव, अर्थ जमीन कसणारा, आपल्या भाषेत कुणबी. आणि पीटर? पीटर म्हणजे दगड. ख्रिस्ताच्या या शिष्याच्या नावाने रोममध्ये जगातले एक भव्य चर्च उभे आहे. आपला दगडू मात्र वेशीच्या बाहेर उभा होता.

इंग्लंडात उच्चनीच नव्हते असे मुळीच नाही. तिथे सरदार होते, जमीनदार होते, पायाशी राबणारी कुळे होती. १०६६ साली नॉर्मन लोकांनी तो देश जिंकला, त्यानंतरच्या दोन-तीनशे वर्षांत करवसुली आणि जमिनीच्या दस्तऐवजांच्या गरजेतून तिथे आडनावे कायम होत गेली. कोणी धंद्यावरून, कोणी गावावरून, कोणी बापाच्या नावावरून. परंतु लोहाराच्या नातवाने पुढे लोहारकी सोडली तेव्हा त्याला अडवणारे धर्मशास्त्र तिथे नव्हते. स्मिथची मुलगी टेलरने करून घेतली तर गाव पेटले नाही. त्यामुळे शे-दोनशे वर्षांत शब्दाचा अर्थ झिजला आणि नुसते नाव उरले. आपल्याकडे अर्थ झिजू दिला गेला नाही, कारण रोटीबेटीच्या बंदीने तो रोज नव्याने कोरला जात होता.

ही बंदी नावापर्यंत कशी पोहोचवायची, याचा विचार करणारा कायदेपंडित आपल्याकडे झालाच होता. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायातले ३१ आणि ३२ हे श्लोक ज्यांनी वाचले नसतील त्यांनी वाचावेत. ब्राह्मणाचे नाव मंगल असावे, क्षत्रियाचे बलवाचक, वैश्याचे धनवाचक आणि शूद्राचे किळसवाणे, असे ३१ वा श्लोक सांगतो. ३२ वा श्लोक त्याहून बारकाईचा आहे. तो नावाच्या शेवटाची व्यवस्था लावतो. ब्राह्मणाच्या नावाचा शेवट कल्याण सुचवणारा, क्षत्रियाचा रक्षण सुचवणारा, वैश्याचा समृद्धी सुचवणारा आणि शूद्राचा दास्य सुचवणारा. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला जो ग्रंथ जाळला गेला, त्यात आपल्या बारशाचा मसुदासुद्धा तयार होता!

यातल्या पहिल्या श्लोकाची आपल्याकडे बरीच चर्चा होते. कचरू, उकंडा, भिका, दगडू, धोंड्या ही आपल्या आज्या-पणज्यांच्या पिढीतली नावे पुढे केली जातात आणि हा मनूचा वारसा म्हणून सांगितले जाते. ते खरेच आहे, पण ते अपुरे आहे. मुले जगत नसत त्या काळात पोराला काळाची दृष्ट लागू नये म्हणून मुद्दाम ओंगळ नाव ठेवण्याची चाल सगळ्याच जातींत होती. स्त्रीशिक्षणासाठी १९५८ साली भारतरत्न मिळालेले महर्षी कर्वे यांचे नाव काय? धोंडो केशव. तेच धोंडो आणि तोच धोंडा. फरक कुठे पडला? ब्राह्मणआळीत तो धोंडोपंत झाला, पाटलाच्या वाड्यात धोंडीराव झाला, मळ्यातल्या कुणब्याघरी धोंडिबा झाला आणि आमच्या वाड्यात धोंड्या! म्हणजे अपमान धोंड्यात नव्हता, त्या मागे जोडलेल्या 'या'त होता. मनूच्या ३२ व्या श्लोकाचा मराठी अनुवाद कोणी करून ठेवला असेल तर तो पंत, राव, अप्पा, बा आणि या अशा एक अक्षरी-दोन अक्षरी शेपटांनी करून ठेवला आहे. बायकांचेही तेच. एक गंगाबाई, दुसरी गंगी. साठ वर्षांच्या म्हाताऱ्याला दहा वर्षांचे पाटलाचे पोर "ए धोंड्या" म्हणून हाक मारी आणि म्हातारा "जी मालक" म्हणून धावत जाई. शब्दकोश उघडून हा अपमान सापडणार नाही.

आमच्या लोकांना जुन्या काळी एक स्वतःचे शेपूट होते, 'नाक'. सिदनाक, रायनाक, येसनाक. नायक या शब्दाचे ते रूप मानतात. बिदरच्या बादशहाकडून बावन्न हक्कांची सनद मिळवणारा म्हणून दंतकथेत येतो तो अमृतनाक. १ जानेवारी १८१८ च्या लढाईत पडलेल्या शिपायांची नावे भीमा कोरेगावच्या स्तंभावर आहेत, त्यांतली बरीच या 'नाक'ने संपतात. नाव आणि बापाचे नाव, दोन्ही 'नाक'. शिपाईगिरीत मानाचे असलेले हे शेपूट गावात परतल्यावर मात्र जात ओळखण्याची खूण झाले, आणि हळूहळू मागे पडले.

अशाच हाकेचा एक खटला अमेरिकेत थेट तिथल्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला होता. आपल्या वकील मित्रांना तो बहुधा ठाऊक नसतो, म्हणून जरा सविस्तर सांगतो. १९६३ साली अलाबामा राज्यात नागरी हक्कांच्या चळवळीतली मेरी हॅमिल्टन नावाची कृष्णवर्णीय तरुणी साक्षीसाठी कोर्टात उभी होती. सरकारी वकिलाने तिला नुसते "मेरी" म्हणून प्रश्न विचारला. गोऱ्या साक्षीदारांना मिस्टर, मिसेस, मिस; काळ्यांना नुसते नाव, आणि म्हाताऱ्या काळ्या पुरुषालाही "बॉय", अशी तिथली रीत होती. आपला 'या' तिथे असा नांदत होता. मेरी म्हणाली, मिस हॅमिल्टन म्हटल्याशिवाय उत्तर देणार नाही. न्यायाधीशांनी उत्तर देण्याचा हुकूम केला. तिने दिले नाही. न्यायालयाच्या अवमानाबद्दल तिला पाच दिवसांची कैद आणि पन्नास डॉलर दंड झाला. १९६४ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ही शिक्षा रद्द केली. हॅमिल्टन हे आडनाव काही आफ्रिकेतले नाही. ते इंग्रजांचे, एका गावावरून पडलेले. गुलामांना मालकांची आडनावे चिकटली होती, म्हणून तर माल्कम लिटल यांनी आडनाव टाकून तिथे 'एक्स' लिहिले, हरवलेल्या पूर्वजांच्या अज्ञात नावाची खूण म्हणून. मिस हॅमिल्टनने मालकाचे आडनाव टाकले नाही. तिने त्याच आडनावाने सन्मानाची हाक मागितली.

जाता जाता हेही सांगायला हवे की तिथला नावाचा काच आता पहिल्या नावावर येऊन बसला आहे. २००४ साली प्रसिद्ध झालेल्या अशाच एका अर्जांच्या अभ्यासात एमिली आणि ग्रेग या गोऱ्या वाटणाऱ्या नावांना लकिशा आणि जमाल या काळ्या वाटणाऱ्या नावांपेक्षा दीडपट बोलावणी आली होती. आपल्याकडे काच आडनावावर आहे, कारण पहिले नाव आपण कधीच जिंकून घेतले आहे.

ते कसे जिंकले, ही मराठवाड्याची गोष्ट आहे.

आपला हा मुलूख १९४८ पर्यंत निजामाचा. त्याच्या दफ्तरात आडनावाला फारसे महत्त्व नव्हते. अमुक वल्द तमुक, म्हणजे तमक्याचा मुलगा अमका, अशी उर्दूतली नोंद. स्कॉटलंडचा मॅकडोनाल्ड म्हणजे तरी काय, डोनाल्डचाच मुलगा! भाषांच्या सीमेवरचा मुलूख असल्यामुळे इथल्या नावांत तीन भाषा मिसळल्या आहेत. नांदेडकडच्या व्यापारी घरांच्या आडनावांतला 'वार' तेलुगूतल्या आदरार्थी 'वारु'चा. लातूर, उदगीर, निलंग्याकडच्या नावांतला 'अप्पा' कानडी. आपल्या आडनावांना गावाचा 'कर' लागला असेल, कुळाचे नाव लागले असेल, नाहीतर शाळेत पहिल्यांदा गेलेल्या पोराला गुरुजींनी जे लिहिले तेच लागले असेल. पोराची जन्मतारीख १ जून आणि आडनाव गुरुजींच्या मनात आले ते! एकाच घरातला थोरला गायकवाड आणि धाकटा कांबळे असली प्रकरणे मी हाताळली आहेत. गायकवाड, जाधव, शिंदे, पवार ही आडनावे तर मराठ्यांत आहेत, बौद्धांत आहेत, मातंगांत आहेत, त्यांतली काही तांड्यावरही आहेत. म्हणून तर आडनाव ऐकूनही काहींची चौकशी थांबत नाही. "कुठले गायकवाड?" हा पुढचा प्रश्न तयार असतो.

नावाने जात पुसण्याचे प्रयत्न या मातीत आधीही झाले. लातूरच्या सीमेला लागून असलेल्या कल्याणात बाराव्या शतकात बसवण्णांच्या भोवती शरण गोळा झाले. त्यांनी धंदा लपवला नाही. मादार चेन्नय्या, डोहर कक्कय्या, अशी धंद्याची आणि जातीची ओळख नावापुढे ठेवून मागे आदराचा 'अय्या' लावला. शेपूट बदलले! हरळय्या चांभाराच्या मुलाचे लग्न मधुवरस ब्राह्मणाच्या मुलीशी लावले, तेव्हा त्या दोघांना देहदंड झाला आणि कल्याण पेटले. दुसरा प्रयत्न १६९९ चा. गुरू गोविंदसिंगांनी खालसा पंथ स्थापून पुरुषांना सिंग आणि स्त्रियांना कौर असे एकच नाव दिले. त्या गुरूंचे १७०८ मध्ये नांदेडलाच निधन झाले, आज तिथे हुजूर साहिब आहे. सिंग सगळे झाले, पण सिंगच्या आड जाट, रामदासिया, मजहबी हे भेद राहिलेच. बाबासाहेबांनी १९३५-३६ च्या सुमारास शीख धर्माचा विचार केला होता, पण त्यांनी अखेर बुद्धाचा धम्म निवडला. बुद्धाने नद्यांचा दाखला देऊन सांगितले होते की गंगा, यमुना, अचिरवती, शरभू, मही या समुद्राला मिळाल्या की आपले आधीचे नाव आणि गोत्र टाकून देतात, तसे चारही वर्णांतले लोक संघात आले की त्यांचे पूर्वीचे नाव-गोत्र उरत नाही. सुत्तनिपातातल्या वासेट्ठ सुत्तात तर तथागत सरळ म्हणतात की नाव आणि गोत्र हे लोकव्यवहाराने ठरवलेले संकेत आहेत.

१९५६ च्या धम्मक्रांतीनंतर आपल्या बायाबापड्यांनी जे केले त्याची नोंद इतिहासकारांनी घ्यावी तशी घेतलेली नाही. कोणताही कायदा नव्हता, फतवा नव्हता, समिती नव्हती. ज्यांना अक्षर येत नव्हते अशा आयांनी मुलांची नावे गौतम, सिद्धार्थ, राहुल, आनंद, अशोक, मिलिंद, नागसेन ठेवली. मुलींची सुजाता, विशाखा, संघमित्रा, प्रज्ञा, करुणा, यशोधरा. यातली दोन नावे तर बाबासाहेबांनी दीक्षेच्या आधीच पेरून ठेवली होती. मुंबईचे सिद्धार्थ महाविद्यालय १९४६ चे, औरंगाबादला १९५० साली सुरू झालेले पुढे मिलिंद महाविद्यालय झाले आणि त्याच्या परिसराला नागसेनवन हे नाव मिळाले. मराठवाड्याच्या खेड्यातला बाप पोराला मिलिंद म्हणत होता, तो ग्रीक राजाला आठवून म्हणत नव्हता. तो कॉलेजला आठवून म्हणत होता. पोरगा तिथे शिकावा, एवढाच त्या नावाचा अर्थ. राहुल या नावाचा पारंपरिक अर्थ बंधन असा सांगतात, आणि आपल्या लोकांनी ते सर्वांत मायेने ठेवले, ही एक गंमतच. आणखी गंमत अशी की आज राहुल, गौतम, सिद्धार्थ, सुजाता ही नावे सर्व जातींच्या घरांत आहेत. ओट्यावरच्या मालकाला पूर्ण नाव विचारावे लागते ते याच कारणाने.

शेपटाचाही निकाल आपण लावला. लग्नपत्रिकेवर 'आयु.' आणि 'आयुष्मती' आले, मृतासाठी 'कालकथित' आले, आणि हाकेला 'जयभीम' हे उत्तर आले. "जी मालक" गेले.

याची किंमत नांदेड जिल्ह्याने मोजली आहे. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव केला आणि मराठवाडा पेटवला गेला. टेंभुर्णीच्या पोचिराम कांबळे यांची निर्घृण हत्या झाली. पोचम्मा ही तेलंगणातली ग्रामदेवता, पोचिराम हे तिच्या छायेतले, जुन्या जगातले नाव. त्यानंतर पंधरा वर्षांनी, २५ नोव्हेंबर १९९३ ला, त्याच मागणीसाठी नांदेडला आत्मदहन करणाऱ्या भीमसैनिकाचे नाव गौतम वाघमारे. पोचिराम आणि गौतम, एकाच जिल्ह्यातले दोन शहीद. १४ जानेवारी १९९४ ला नामविस्तार झाला. त्याच वर्षी १७ सप्टेंबरला नांदेडचे नवे विद्यापीठ स्वामी रामानंद तीर्थांच्या नावाने सुरू झाले. स्वामीजींचे मूळ नाव व्यंकटेश खेडगीकर. संन्यास घेताना त्यांनी नाव बदलले आणि ते बदललेले नाव विद्यापीठाला देताना कोणाचे घर जळले नाही.

आता त्या तरुणांच्या प्रश्नाकडे येतो. आडनाव बदलावे काय? कायद्याने तुम्हाला पूर्ण अधिकार आहे. जिग्या यादव विरुद्ध सीबीएसई या प्रकरणात ३ जून २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने नाव हा व्यक्तीच्या ओळखीचा आणि अभिव्यक्तीचा भाग मानला आहे. दिल्ली उच्च न्यायालयासमोर २०२३ साली दोन भावांचे प्रकरण आले होते. त्यांच्या वडिलांनी रोजच्या अवहेलनेला कंटाळून 'मोची' हे आडनाव सोडून 'नायक' लावले होते आणि मंडळ मुलांच्या दाखल्यावर वडिलांचे बदललेले नाव घालायला तयार नव्हते. कोणत्याही जातीशी बांधली न जाणारी ओळख ठेवण्याचा हक्क या भावांना आहे, असे सांगून न्यायालयाने दुरुस्तीचा आदेश दिला. तेव्हा हक्काविषयी शंका नको. ज्याला जातीचे ओझे उतरवायचे म्हणून बदलायचे आहे त्याने खुशाल बदलावे.

माझा विरोध आहे तो लपण्यासाठी बदलण्याला. खोली मिळेल, पण १४ एप्रिल येतोच. भिंतीवर फोटो लावायचा की नाही, गावाहून आलेल्या आईला जयभीम म्हणायचे की नाही, हे रोज ठरवावे लागेल. शिवाय कांबळे हे आडनाव लपवण्यासारखे आहे काय? १९०८ साली 'सोमवंशीय मित्र' हे पत्र काढणारे शिवराम जानबा कांबळे होते. पँथर अरुण कांबळे होते. पोचिरामही कांबळेच होते. हे आडनाव उच्चारताना मान खाली जात असेल तर त्या मुलाला गॅझेटच्या आधी वाचनालयाचा पत्ता सांगावा लागेल.

तरीही ज्यांचा निर्णय पक्का आहे, त्यांनी काही गोष्टी ध्यानात घ्याव्यात. नावबदलाची नोंद राज्य शासनाच्या राजपत्रात करून घ्यावी लागते, अर्ज ऑनलाइन होतो. राजपत्राने नाव बदलते, जात बदलत नाही, आणि जुने दाखलेही रद्द होत नाहीत. आपल्याकडचे हाल होतात ते इथेच. जात पडताळणी समितीसमोर अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा पुरावा मागतात. त्या नोंदीत पणजोबा 'धोंड्या वल्द हणमंता' असतो, आजोबांच्या शाळेच्या दाखल्यावर धोंडिबाचा मुलगा म्हणून गायकवाड असते, वडील कांबळे असतात आणि मुलाने गावाचा 'कर' लावलेला असतो. ही चार माणसे एकाच वंशातली, हे तुम्हाला सिद्ध करायचे आहे. म्हणून आडनाव बदलण्याच्या आधी वंशावळीचे प्रतिज्ञापत्र, वडिलांच्या आणि आजोबांच्या शाळेचा प्रवेश-निर्गम उतारा आणि १९५४-५५ चे खासरा पत्रक, एवढे तरी हाताशी ठेवा. १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या कागदपत्रांवर राज्य शासनाच्या निर्णयाप्रमाणे स्वतःचे नाव, मग आईचे नाव, मग वडिलांचे आणि शेवटी आडनाव असा क्रम आला आहे. आईचे नाव तिच्या स्वतःच्या दाखल्यावर एक आणि लग्नानंतर दुसरे असेल तर त्याचीही नोंद आत्ताच जुळवून घ्या, नाहीतर वीस वर्षांनी ते मूल कोर्टाच्या पायऱ्या झिजवील.

निजामकाळातल्या शाळांची रजिस्टरे उर्दूत आहेत, काही ठिकाणी मोडीत. वाचणारी माणसे थोडी उरली आहेत आणि वाळवी मात्र भरपूर आहे. गावच्या शाळेत, तहसीलच्या अभिलेख कक्षात आजोबांचे नाव असेल तर या सुट्टीतच अर्ज करून प्रमाणित नक्कल काढा, जाणकाराकडून तिचे भाषांतर करून घ्या आणि तिच्या चार झेरॉक्स घरातल्या चार माणसांकडे ठेवा. नावापुढे 'या' लिहिलेले असेल तरी ते खोडू नका. पुराव्याच्या कागदावर खाडाखोड चालत नाही.